काल्पनिक जगातील समारंभाचा पदार्थ रचताना

तुमच्या कथेतील काल्पनिक राज्यात राज्याभिषेकाच्या वेळी एक खास मिष्टान्न वाढले जावे, ही तुमची कल्पना मला मनापासून आवडली. मात्र त्याचे नाव आणि रंग ठरवण्याआधी तो दुर्मीळ का आहे, हे ठरवा. खऱ्या जगात एक किलो केशरासाठी सुमारे दीड लाख फुलांमधील तंतू हाताने वेचावे लागतात, आणि एवढे सांगितले की त्याचे मोल वेगळे पटवून द्यावे लागत नाही. तुमच्या पदार्थामागेही असेच श्रम किंवा एखादा छोटा हंगाम असू द्या.

मग दोनच प्रश्न सोडवा:
- पहिला घास कोणाचा, आणि तो कोणाला वर्ज्य आहे?
- पदार्थ बिघडला तर काय होते?

दुसरा प्रश्न नवे लेखक हमखास विसरतात, आणि कथा बहुधा तिथेच दडलेली असते.

सर्वांत मोठी चूक म्हणजे विचित्र नावांच्या घटकांची लांबलचक यादी. मधाचा गोडवा आणि धुराचा कडवटपणा अशा ओळखीच्या दोन चवी एकत्र आल्या, की अनोळखी पदार्थही वाचकाला चाखता येतो. या पदार्थाच्या प्रांतागणिक बदलणाऱ्या पाककृती तूर्त बाजूला ठेवा. आधी एखादे पात्र तो खात असल्याचा एकच प्रसंग लिहून पाहा.