पणजोबा लष्करात नव्हते, लस्कर होते

प्रश्न असा आला आहे: “आमचे पणजोबा रत्नागिरीकडचे. 1915 साली ‘पर्शिया’ नावाच्या आगबोटीबरोबर ते बुडाले, असं घरात सांगतात. एका जुन्या नोंदीत त्यांच्या नावापुढे ‘लास्कर’ लिहिलेलं सापडलं. म्हणजे ते लष्करात होते का? आणि हा शब्द मराठीत कसा लिहावा?”

नाही, लष्करात नव्हते. इंग्रजांच्या बोटींवर काम करणाऱ्या आपल्याकडच्या माणसाला इंग्रज लस्कर म्हणत. एवढं साधं असताना आपल्याकडच्या अनुवादांत दोन चुका इतक्या वेळा वाचल्या आहेत की आता संताप येतो. एक, ‘बोटीवर प्रवाशांखेरीज दोनशे लष्करी जवान होते’. दुसरी, ‘लास्कर जमातीचे लोक’. अशी जमात नाही. बंगालात लस्कर हे आडनाव आहे, पण ते आडनाव झालं. कोकणातल्या, काठेवाडातल्या, गोव्यातल्या आणि पंजाबातल्या माणसांना एकत्र कोंबणारी कुठलीही जमात पृथ्वीच्या पाठीवर नाही.

‘पर्शिया’बद्दल थोडक्यात, कारण पुढे उपयोगी पडेल. ती पी अँड ओ या ब्रिटिश कंपनीची बोट, 1900 साली बांधलेली. लंडनहून मार्सेयमार्गे मुंबईला यायला निघाली होती. 30 डिसेंबर 1915 ला भर दुपारी, क्रीट बेटाच्या दक्षिणेला, जर्मनीच्या यू-38 या पाणबुडीने पूर्वसूचना न देता टॉर्पेडो मारला. काही मिनिटांत बोट गेली. 519 पैकी 343 माणसं मेली. याला आपली वर्तमानपत्रं आजही ‘जलसमाधी मिळाली’ असं लिहितील. समाधी घेतात, आपणहून घेतात. टॉर्पेडोने फुटलेली बोट बुडते, आणि ‘बुडाली’ हा शब्द मराठीत आहे, चांगला आहे, पुरेसा आहे.

आता शब्दाकडे. लष्कर हा मूळ फारसी शब्द, ‘लश्कर’, म्हणजे फौज किंवा तिची छावणी. पुण्यात कॅम्पाला आजही लष्कर म्हणतात, तो हाच छावणीचा अर्थ. फारसीतला श आपण ष केला, कारण क च्या आधी ष लिहायची आपल्या हाताला पुष्कर-निष्कर्षाची सवय. हा शब्द मुळात अरबी ‘अल्-अस्कर’ आहे असं छातीठोकपणे सांगणारे पुष्कळ भेटतात. उलट आहे. अरबांनी फारसी ‘लश्कर’ ऐकला, त्यातला ल आपल्या ‘अल्’ या उपपदाचा समजून उडवला आणि ‘अस्कर’ उरला. असं त्यांनी एकदाच केलेलं नाही. अलेक्झांडरमधला ‘अल्’ही असाच उपपद समजून सोडवला गेला आणि त्याचा इस्कंदर झाला, आपला सिकंदर तिथूनच. एकच खोड दोन शब्दांत दिसते तेव्हा ती मान्य करावी.

फौजेचा शब्द समुद्रावर कसा गेला? पोर्तुगीजांनी ‘लश्करी’ माणसाचा ‘लाश्करीम’ केला. श्रीलंकेत त्यांच्या पदरी असलेले देशी शिपाई लाश्करीमच होते. इंग्रजांकडे आला तो ‘लस्कर’, आणि त्यांनी तो तीन जणांना लावला: तोफेवरचा हरकाम्या, तंबू ठोकणारा आणि बोटीवरचा देशी माणूस.

हे तीन लक्षात ठेवा. कारण आता मी ज्या शब्दासाठी हे लिहायला बसलो त्याच्याकडे येतोय: खलाशी.

लस्कराला मराठी शब्द म्हणून तुम्ही खलाशी वापराल, आणि वापरावाच. यूल आणि बर्नेल यांनी 1886 साली अँग्लो-इंडियन शब्दांचा जो प्रसिद्ध कोश काढला, त्यात खलाशाचे अर्थ पाहा. तंबू ठोकणारा. मोजणीवाल्याची साखळी धरणारा. देशी नाविक. तोफखान्यातला हाताखालचा माणूस. म्हणजे लस्कराचे तीनही अर्थ खलाशातही हजर, वर मोजणीची साखळी! दोन शब्द, दोन भाषांतून आलेले, एकाचा अर्थ फौज आणि दुसऱ्याचा सुटका, आणि दोघांनाही नेमकी तीच कामं चिकटलेली. हा योगायोग नाही. तरी त्या दोघा विद्वानांनी काय केलं? मूळ अरबी ‘खलास’, म्हणजे सुटका, असं सांगितलं, त्यापासून हा नेहमीचा अर्थ कसा आला ते स्पष्ट नाही म्हटलं, आणि फारसी ‘खलाशा’, म्हणजे सुकाणू, हे मूळ असावं हा एका मित्राचा तर्क नोंदवून पान उलटलं. शेकडो शब्दांवर पानंच्या पानं खर्च करणाऱ्या माणसांनी इथे येऊन हात टेकले, याचं मला फार वाईट वाटतं. किल्ली त्यांच्या हातात होती.

त्यांनी सोडलेली जागा मग दुसऱ्या एका तर्काने भरली. खलास म्हणजे मुक्त, म्हणून खलाशी म्हणजे मुक्त केलेला गुलाम, आणि असे गुलाम बोटींवर लागत. ऐकायला गोष्ट छान आहे. पण मग तंबू ठोकणाराही मुक्त गुलाम, मोजणीची साखळी धरणाराही मुक्त गुलाम आणि तोफ ओढणाराही? व्युत्पत्ती एका अर्थाला लागू पडते आणि बाकी तिघांपुढे गप्प बसते, तेव्हा ती चुकलेली असते.

माझं मत असं. खलाशी म्हणजे सुटलेला माणूस नव्हे, सोडणारा माणूस. दोर सोडणारा, शीड सोडणारा, नांगर सोडणारा, माल मोकळा करणारा. मराठीने हे क्रियापद समुद्रावर किती वापरलं आहे बघा: नांगर सोडला, शीड सोडलं, होडी पाण्यात सोडली, बंदर सोडलं. तंबूवाल्याचं अर्धं काम ठोकायचं आणि अर्धं तणावे सोडायचं. चारही कामांत एकच कसब आहे, दोर आणि दोराने ओढायचं ओझं. आजच्या अरबी बंदरांत माल जकातीतून सोडवण्याला ‘तख्लीस’ म्हणतात, म्हणजे त्याच धातूचा शब्द तिकडेही बंदरावरच राबतो आहे. केरळात बेपूरचे मापिळा, म्हणजे तिथले मुसलमान, खलाशी म्हणवतात, पण ते नाविक नाहीत. मोठमोठी गलबतं दोर, कप्पी आणि रहाटाच्या जोरावर जमिनीवरून पाण्यात सोडणं आणि पाण्यातून वर ओढणं हा त्यांचा पिढीजात धंदा. 1988 साली पेरुमणला आयलंड एक्सप्रेसचे डबे अष्टमुडी तलावात पडले, तेव्हा ते बाहेर काढायला याच खलाशांना बोलावलं होतं. रेल्वेतही खलाशी आहेतच, आणि त्यांच्यापैकी बहुतेकांनी समुद्र पाहिलेला नसतो. म्हणजे खलाशाचा मूळ संबंध पाण्याशी नाहीच. तो दोराशी आहे. पाणी नंतर आलं.

राहिला प्रश्न आपल्या ‘खलास’चा, म्हणजे संपला, मेला. सुटकेवरून मरणावर कसे आलो? यासाठी अरबस्तानात जायला नको. म्हातारा बरेच दिवस अंथरुणाला खिळून गेला की आपण काय म्हणतो? ‘सुटला बिचारा.’

बोटीवर या सोडण्याला एक हुकूमही होता. लस्करी बोली नावाची एक खिचडी बोली बोटींवर चाले, हिंदुस्थानी, पोर्तुगीज, अरबी, इंग्रजी अशी सगळी मिळून. ती इतकी पक्की होती की थॉमस रोबक यांनी 1811 साली कोलकात्यात तिचा कोश छापला. त्यात खाली सोडायचा हुकूम ‘आर्या’, पोर्तुगीज ‘आरियार’वरून. वर खेचायचा ‘हाबेस’. क्रेनखाली उभा असलेला माणूस अजूनही ‘आर्या, आर्या’ ओरडतो ते ऐकून कुणा आर्येला हाक मारतोय असं वाटायचं कारण नाही. चारशे वर्षांचा पोर्तुगीज हुकूम आहे तो.

आणि आता ‘लस्कर’ या शब्दावरचा माझा खरा राग सांगतो. तो शब्द माणसं पुसतो. पी अँड ओच्या बोटींवर साधारणपणे डेकवर कोकणी मुसलमान आणि गुजरातेकडचे लोक, खाली बॉयलरपाशी पंजाबी आणि पठाण, आणि जेवणघरात व केबिनींत गोव्याचे ख्रिस्ती. या गोवेकरांना कोकणीत ‘तारवटी’ असा देखणा शब्द आहे, तारू म्हणजे जहाज, त्यावरचा तो तारवटी. मुंबईत धोबी तलावाच्या आसपास त्यांच्या गावोगावच्या कुडी, म्हणजे सामायिक बिऱ्हाडं, होत्या, दोन सफरींच्या मधले दिवस तिथे काढायचे. यांतले काटेकोर अर्थाने खलाशी फक्त डेकवरचे. कोळसा घालणारा आगवाला वेगळा, वंगण घालणारा तेलवाला वेगळा, स्वयंपाक करणारा भंडारी वेगळा. इंग्रजी यादीत सगळे मिळून लस्कर.

याने काय होतं ते ‘इजिप्त’च्या वेळी दिसलं. हीसुद्धा पी अँड ओची, 1897 ची, लंडनजवळच्या टिलबरीहून मुंबईला निघालेली. पोटात दहा लाख पौंडांहून अधिक किमतीचं सोनं-चांदी. 20 मे 1922 च्या संध्याकाळी फ्रान्सच्या उशां बेटाजवळ दाट धुक्यात ‘सेन’ नावाची फ्रेंच मालबोट तिच्या कुशीत घुसली. सेनचा नाळेकडचा, म्हणजे पुढचा, भाग बर्फ फोडण्यासाठी मजबूत केलेला होता, त्यामुळे घाव खोल बसला. वीस मिनिटांत इजिप्त खाली गेली. प्रवासी फक्त 44, कर्मचारी तीनशेच्या जवळ, त्यांत दोनशेहून अधिक हिंदी. ऐंशीहून जास्त माणसं मेली आणि त्यांतले बहुसंख्य कर्मचारी होते. तरी विलायती वर्तमानपत्रांनी ओरड काय केली? लस्कर घाबरले, लस्करांनी होड्या बळकावल्या. कुठले लस्कर? भंडारी? आगवाला? की होडी सोडणं ज्याचं काम तो खलाशी? कुणी विचारलं नाही, कारण त्यांच्या भाषेत एकच शब्द होता. पुढे चौकशी झाली तेव्हा होड्यांच्या कवायतीतली आणि शिस्तीतली ढिलाई वरच्या अधिकाऱ्यांच्या पदरात पडली आणि कप्तानाचा परवाना सहा महिन्यांसाठी काढून घेतला गेला. ते सोनं 1932 पासून बुडी मारणाऱ्या इटालियन माणसांनी जवळजवळ 130 मीटर खोलीवरून वर आणलं, त्याच्या कथा जगभर छापल्या गेल्या. होड्या बळकावल्याचा डाग मात्र ‘लस्कर’ या शब्दावर तसाच राहिला.

युद्धात मेलेल्यांचंही तेच. पहिल्या महायुद्धात 3,400 हून अधिक लस्कर ब्रिटिश बोटींवर मेले. जर्मनांच्या ‘वुल्फ’ जहाजाने मुंबईबाहेर सुरुंग पेरले होते, त्यांतल्या एकावर 23 जून 1917 ला ‘मंगोलिया’ फुटली, मुंबईपासून सुमारे पन्नास मैलांवर, म्हणजे अगदी आपल्या दारात. मशीद बंदरच्या सेलर्स होममध्ये या युद्धात गेलेल्या दोन हजारांहून अधिक नाविकांचं स्मारक आहे, ज्यांना समुद्राखेरीज दुसरी कबर नाही. पणजोबांचा शोध घ्यायचा तर तिथून सुरुवात करा.

हो, पणजोबा. घरची आठवण अगदीच खोटी नाही, हे सांगायचं राहिलं. शब्द खरोखरच फौजेचे आहेत. बोटीवरच्या देशी माणसांचा मुख्य तो सारंग, फारसी ‘सरहंग’वरून. इराणच्या फौजेत आजही सरहंग म्हणजे कर्नल. म्हणजे लश्कर आणि त्याचा सरहंग, दोघेही फौजेतून उठून बोटीवर चढले. हा सारंग पुष्कळदा आपल्याच गावची, आपल्याच नात्यातली माणसं भरती करी, म्हणून एक बोट बुडाली की एकाच वाडीतल्या चार-पाच घरांत रडारड होई. सुकाणू धरणारा तो सुकाणी, अरबी ‘सुक्कान’वरून. इंग्रजांनी त्याचा ‘सीकनी’ केला आणि त्यात त्यांचा समुद्र बसवला. नाखवा म्हणजे फारसी ‘नाखुदा’, नावेचा धनी. आज कोकणात आणि मुंबईत सारंग, तांडेल, नाखवा ही आडनावं आहेत. ती आडनावं व्हायच्या आधी हुद्दे होते.

लिहायचं कसं, तर लास्कर नको, लष्करी जवान तर नकोच. काटेकोर अर्थ बाजूला ठेवून सगळ्यांबद्दल ढोबळ बोलायचं असेल तर ‘देशी खलाशी’ लिहा, आणि इंग्रजी शब्दच दाखवायचा असेल तर लस्कर. पण त्याआधी ती नोंद पुन्हा काढून नीट वाचा. तुम्ही पाठवलेल्या ओळीत ‘लास्कर’च्या आधी ‘टिंडल’ असं आहे आणि ते तुम्ही कुणा साहेबाचं नाव समजून सोडून दिलंत. ते नाव नाही. टिंडल म्हणजे आपला तांडेल, सारंगाच्या हाताखालचा पहिला माणूस. पणजोबा साधे खलाशी नव्हते, खलाशांच्या तुकडीचे तांडेल होते.