एमएसवरचं पुस्तक घेण्याआधी

अगं, एमएसवरची (मल्टिपल स्क्लेरोसिस, म्हणजे मेंदू आणि मज्जारज्जूचा आजार) पुस्तकं जरूर वाच, पण आधी प्रकाशनाचं साल बघ. आजाराला आवर घालणारं पहिलं औषध, इंटरफेरॉन बीटा, अमेरिकेत १९९३ साली मंजूर झालं. ऑक्रेलिझुमॅब हे नंतरचं औषध थेट २०१७ साली. म्हणून जुन्या पुस्तकातलं औषधांचं प्रकरण खुशाल सोडून दे. थकवा, लघवीची घाई, उन्हाचा त्रास यांवरची पानं मात्र जुनी होत नाहीत. अंग तापलं की नजर धूसर होते, गार झालं की पूर्ववत. तो आजाराचा नवा अटॅक नसतो, हे ठाऊक असलं की मे महिन्यात जीव टांगणीला लागत नाही. (चोवीस तासांनंतरही तसंच राहिलं तर डॉक्टरांना फोन कर.) 'आहाराने एमएस पूर्ण बरा' म्हणणारं पुस्तक दुकानातच राहू दे. व्हीलचेअरची प्रकरणं आत्ताच कशाला वाचतेस? न्यूरॉलॉजिस्टला विचारायचे प्रश्न समासात पेन्सिलीने लिहीत जा.