कॅमेरा सुरू करण्याआधी

अगं, माहितीपट करायचाय म्हणून नव्या कॅमेऱ्याची घाई करू नकोस. त्या पैशात आधी बरा माइक आणि दोन हार्ड डिस्क घे. फुटेज त्याच रात्री दोन्हींवर उतरव. माझं मासळीबाजारातलं अख्ख्या पावसाळ्याचं काम एकाच डिस्कवर होतं. ते गेलं, अजून सलतं.

प्रत्येक जागेचा नुसता आवाज एक मिनिट वेगळा टिपून ठेव. एडिटला दोन तुकडे सांधायला तोच लागतो.

प्रयोग म्हणजे इफेक्ट नव्हेत. प्रमोद पतींनी १९७२ साली फिल्म्स डिव्हिजनमध्ये ‘आबिद’ ही छोटी फिल्म केली: चित्रकार आबिद सुरती, एक खोली, आणि एकेक फ्रेम थांबून केलेलं चित्रण. जिवंत माणूसच अ‍ॅनिमेशनसारखा हलतो! सरकारी संस्थेत राहून हे जमवलं, याचं मला फार अप्रूप आहे. मग दिग्दर्शक मणी कौलांची ‘अरायव्हल’ (१९८०) बघ. मुंबईत येणारा माल आणि येणारे मजूर शेजारी ठेवले की निवेदनाविना काय उमटतं, ते कळेल.

आणि ज्यांचं जगणं टिपतेस त्यांना रफ कट, म्हणजे फिल्मची कच्ची जुळणी, आधी दाखव. कुणी ‘हे नको’ म्हणालं, तर काढून टाक, शॉट कितीही सुंदर असला तरी.