वाचकांचे प्रश्न, ताईची उत्तरं : रेस्टॉरंटमधला पियानो आणि पांढरं रेनडिअर

प्रश्न : ताई, मी सोलापूरच्या पूर्व भागात राहतो, दिवसा टॉवेलच्या कारखान्यात आणि लग्नसराईत ऑर्केस्ट्रात कीबोर्ड वाजवतो. मागच्या आठवड्यात मोबाइलवर ‘द व्हाइट रेनडिअर’ नावाचा फिनलंडचा जुना सिनेमा बघितला, भाषा काही कळली नाही पण म्युझिक डोक्यातून जाईना. कोणाचं आहे ते? आणि दुसरं म्हणजे माझे पेटीचे गुरुजी म्हणतात वरातीत वाजवून हात बिघडतो, मग त्या हाताने मोठं काही होत नाही. खरंय का हे? – एक कीबोर्डवाला, अशोक चौक

उत्तर : अरे, तुझं पत्र वाचलं आणि त्याच रात्री मी तो सिनेमा परत लावला, हेडफोन घालून, कारण आमच्या मागच्या शेडमधले लूम रात्री अकरापर्यंत खडखडत असतात. म्युझिक फिनलंडचे संगीतकार आयनार एंग्लुंड यांचं. सिनेमा 1952 चा, दिग्दर्शन आणि कॅमेरा एरिक ब्लोमबर्गचा, नायिका पिरिता झालेली मिर्यामी कुओस्मानेन ही त्याची बायको. तुला भाषा कळली नाही म्हणून गोष्ट थोडक्यात सांगते, लॅपलंडच्या बर्फात नवरा रेनडिअरचे कळप घेऊन सारखा बाहेर, म्हणून ही नवी नवरी मांत्रिकाकडे जाते आणि तोडगा असा उलटतो की ती स्वतःच पांढरं रेनडिअर होऊन मागे लागलेल्या पुरुषांचा जीव घ्यायला लागते. 1953 ला फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवात फ्रेंच लेखक-दिग्दर्शक ज्याँ कॉक्तोच्या ज्युरीने याला बक्षीस दिलं, आणि फिनलंडमधला सिनेमाचा युस्सी पुरस्कार एंग्लुंडना या म्युझिकसाठी मिळाला. बोलणं फार थोडं आहे बघ त्यात, म्हणून निम्मी गोष्ट ऑर्केस्ट्राच सांगतो. सुरुवातीची घसरगाड्यांची शर्यत परत लाव, सगळी वाद्यं खुरांसारखी धावतात आणि त्या आनंदातच काहीतरी बरं नाही असं आत कुठेतरी वाटायला लागतं, मला तरी दोन्ही वेळेला वाटलं.

आता गुरुजींचं. त्यासाठी या एंग्लुंडचं आयुष्यच सांगते.

जन्म 1916 चा, स्वीडनच्या गोटलंड बेटावरचा. घरची भाषा स्वीडिश आणि राहणं फिनलंडमध्ये, घरात तेलुगू आणि बाहेर मराठी असं असलं की काय होतं हे पूर्व भागातल्या पोराला मी काय सांगू. सतराव्या वर्षी हेलसिंकीच्या सिबेलियस अकादमीत गेला, पियानोत तयार झाला आणि मग दुसरं महायुद्ध आलं, तिकडे जावं लागलं. जिवंत परत आला आणि 1946 मध्ये पहिली सिंफनी, म्हणजे ऑर्केस्ट्रासाठीची मोठी रचना, लिहिली, तिला युद्ध सिंफनीच म्हणतात, दोन वर्षांत दुसरी. तेव्हा फिनलंडचे सगळ्यात मोठे संगीतकार सिबेलियस स्वतः हयात होते, ते गेले 1957 ला, आणि एवढं मोठं झाड डोक्यावर असताना खाली उगवायचं म्हणजे काय हे एंग्लुंडनी पुढे आत्मचरित्रात लिहिलं, त्याचं नावच ‘सिबेलियसच्या सावलीत’ असं आहे.

आणि हाच माणूस पोटासाठी रेस्टॉरंटमध्ये पियानो वाजवत होता! जॅझ, नाचाची गाणी, हलकंफुलकं सगळं, त्यासाठी मार्कस एये असं टोपणनाव घेतलं होतं. 1949 ला अमेरिकेत टँगलवूडला जाऊन तिथल्या नावाजलेल्या संगीतकाराकडे, आरन कोपलंडकडे शिकूनही आला. 1955 चा त्याचा पहिला पियानो कॉन्चेर्टो, म्हणजे पियानो पुढे आणि ऑर्केस्ट्रा साथीला अशी रचना, ऐक, माझ्या कानाला त्यात त्या रेस्टॉरंटच्या रात्री स्पष्ट ऐकू येतात, बोटं कशी मोकळी पळतात बघ. म्हणून वरातीत वाजवून हात बिघडतो हे मला पटत नाही. पण गुरुजींना एक गोष्ट दिसत असणार आणि ती खरी आहे, तुम्ही पोरं कीबोर्डची पट्टी आपोआप बदलणारं ट्रान्सपोजचं बटण दाबता आणि गायकाची पट्टी कुठलीही असो, सगळी गाणी त्याच ओळखीच्या पट्ट्यांवर वाजवता. वर्षभर असं केलं की काळी चार समोर आली तर बोटं अडखळतात. बटण बंद करून रोज अर्धा तास पेटीवर बस, सुपारी असेल त्या दिवशीसुद्धा.

एक दुःखाची गोष्ट पण सांगायला पाहिजे. पन्नासच्या दशकाच्या शेवटी तिकडे नव्या संगीताची लाट आली, बाराही सुरांना सारखंच वजन देणारी पद्धत वगैरे, आणि एंग्लुंडचं लिहिणं एकदम जुनं ठरलं. त्याला ते जमत नव्हतं असं नाही, पटत नव्हतं. 1959 नंतर जवळजवळ बारा वर्षं त्याने मोठं असं फारसं काही लिहिलं नाही, अकादमीत शिकवलं, स्वीडिश पेपरात संगीताची परीक्षणं लिहिली. दुसऱ्यांच्या कार्यक्रमांवर लिहून घरी येणारा आणि स्वतःचा कागद कोरा ठेवणारा माणूस डोळ्यासमोर आला की मला फार वाईट वाटतं. 1971 ला तिसरी सिंफनी आली आणि मग थांबला नाही, एकूण सात झाल्या. 1999 ला गेला, त्याच गोटलंड बेटावर.

प्रश्न : नात म्हणते आज्जी सिंफनी ऐक. मला गाणं म्हटलं की शब्द लागतात हो. शब्दच नसतील तर ऐकायचं काय? – निवृत्त शिक्षिका, विजापूर रोड

उत्तर : बाई, वरच्याच एंग्लुंडपासून सुरू करा, चौथी सिंफनी, 1976 ची. शोस्ताकोविच नावाचा रशियन संगीतकार आदल्या वर्षी गेला, त्याच्या आठवणीत लिहिलीय. तुतारी नाही, बासरी नाही, फक्त तारवाद्यं आणि आघाताची वाद्यं. पहिल्यांदा अख्खी ऐकू नका, दुसरा भागच लावा, त्याचं नाव लॅटिनमध्ये ‘टेम्पुस फुगित’, म्हणजे वेळ पळतोय. घड्याळाची टिकटिक लागते आणि व्हायोलिनं तिच्यामागे धावत सुटतात. दुपारी लाइट जाते तेव्हा पंखा बंद असतो ना, तेव्हा नातीच्या मोबाइलवर ऐका, टिकटिक नीट ऐकू येईल.