हुडहुड चित्रित करायला निघण्याआधी

इफुगाओ या आदिवासी समाजाचं हुडहुड, म्हणजे त्यांचं आख्यानगायन, चित्रित करायचंय तर कॅमेऱ्याआधी परवानगीचं बघ. फिलिपिन्सच्या १९९७ च्या आदिवासी हक्क कायद्यानुसार समाजाची पूर्वसंमती लागते. एखाद्याच्या तोंडी होकारावर जाऊ नकोस.

गाणं पेरणी-कापणीला आणि मयताच्या जागरणात होतं, म्हणजे तारखा तुझ्या हातात नाहीत. चित्र थोडं कमी-जास्त चालेल, आवाज नाही. मुख्य गायिकेला कॉलर माइक, कोरसपासून दीड-दोन मीटरवर दोन माइकची स्टिरिओ जोडी. रेकॉर्डिंग २४ बिट, ४८ किलोहर्ट्झवर, आवाजाची शिखरं उणे १२ डेसिबलच्या आसपास. कोरस एकदम उसळतो. फाटलेला आवाज नंतर सांधता येत नाही. ऑटो गेन, म्हणजे आवाजाची पातळी आपोआप कमी-जास्त करणारी सोय, बंदच ठेव, नाहीतर दोन ओळींमधे रातकिडेच गातात! आख्यान दिवसचे दिवस चालू शकतं, बॅटऱ्या त्या हिशेबानं घे. रोज रात्री दोन डिस्कवर प्रती. गाण्याची संहिता मात्र गायिकेशेजारी बसूनच उतरव.