फ्लॉरेन्समधल्या ऐतिहासिक पुलांची गाईडसोबतची पायी सहल घ्यावी का, की आपलं आपण फिरलेलं बरं?

घ्या. आई-वडील सोबत आहेत आणि हाताशी एकच दिवस आहे असं तुम्ही लिहिलंय, म्हणजे तर घ्याच. खाली एकानं उत्तर दिलंय की मोबाईलवर सगळं फुकट वाचायला मिळतं, गाईडवर पैसे कशाला घालवायचे. ते वाचलं आणि राहवेना. हेच वाक्य, जवळजवळ याच शब्दांत, 2022च्या ऑक्टोबरात फ्लॉरेन्सच्या आर्नो नदीच्या काठावर आमच्या मेहुण्यानं मला ऐकवलंय.

मेहुणा म्हणजे हिचा धाकटा भाऊ. जर्मनीत असतो. हुशार आहे, आणि आपण हुशार आहोत हे त्याला माहीत आहे. मी एकतीस वर्षं कोल्हापूर जिल्ह्यात बांधकाम खात्यात काढली, त्यातली निम्मी पूल आणि मोऱ्यांवर. निवृत्त झाल्यावर आम्ही दोघं त्याच्याकडे गेलो, तेव्हा त्यानं विचारलं, "दाजी, काय बघायचंय बोला." मी म्हटलं, दगडी कमानी. म्हणून फ्लॉरेन्स. तिकिटं मी काढली आणि त्यावरून रेल्वेतच वाजलं.

सकाळी नऊला जमायचं, अडीच तास चालायचं, बारा-तेरा माणसं, प्रत्येकाच्या कानात एक यंत्र. जाहिरातीत पाच ऐतिहासिक पूल होते. प्रत्यक्षात पायाखाली आले दोन, बाकीचे काठावरून बोटानं दाखवले. त्या कंपनीवर माझा राग आहे, गाईडबाईंवर नाही. बाई साठीच्या, निवृत्त शिक्षिका. हातात प्लास्टिकमध्ये घातलेले जुने फोटो. कोण ऐकतंय आणि कोण नुसतं हो-हो करतंय हे त्यांना बरोबर कळायचं.

पोन्ते वेक्यो, दुकानं असलेला तो जुना पूल, तुम्ही हजारदा फोटोत बघितला असेल, त्यामुळे दुकानांचं वर्णन करत नाही. हिनं दोन काचांत डोकावून "कोल्हापुरात गुजरीतले सोनार याच्या निम्म्यात करून देतील" एवढाच निकाल दिला. पूर्वी तिथं खाटिक होते, घाण सरळ नदीत टाकायचे. 1593 साली तिथल्या ड्यूकनं त्यांना उठवून सोनार बसवले. मला रस खालच्या कमानीत होता. 1333च्या पुरात आधीचा पूल गेला आणि 1345 साली हा उभा राहिला, तीन गाळ्यांचा. (गाळा म्हणजे दुकान नव्हे, एका कमानीखालचं अंतर.) मधला गाळा तीस मीटर, बाजूचे सत्तावीसच्या आसपास. रोमन पद्धतीनं अर्ध्या वर्तुळाची कमान घेतली असती तर तीस मीटरला पंधरा मीटर उंची लागली असती. नाहीतर मध्ये आणखी खांब. आणि खांब वाढवले की पुरात ओंडके अडकतात, पाणी तुंबतं, पूल जातो. यांनी वर्तुळाचा फक्त वरचा तुकडा घेतला, चपटी कमान. अशी कमान दोन्ही काठांना जोरात रेटते, म्हणून काठाचा पाया तेवढा दणकट लागतो. हे काम पावणेसातशे वर्षांपूर्वीचं आहे आणि 1966च्या पुरातही टिकलंय. आमच्याकडे उद्घाटनाचा नारळ वाळायच्या आत कठडा सुटतो, हे मी खात्यात राहिलेला माणूस म्हणून लिहितोय.

दुकानांच्या वरून जो बंद मार्ग जातो तो वसारी नावाच्या वास्तुकारानं 1565 साली पाच महिन्यांत बांधला, राजपुत्राच्या लग्नाची घाई होती. पुलाच्या टोकाला मन्नेल्ली घराण्याचा मनोरा आहे. त्यांनी तो पाडू दिला नाही, म्हणून राजाचा मार्ग मनोऱ्याला वळसा घालून जातो. मी मोठ्यानं हसलो, बाई थांबल्या. त्यांना कसं सांगायचं की भूसंपादनात असा एक मन्नेल्ली प्रत्येक रस्त्याला भेटतो! आम्ही गेलो तेव्हा तो मार्ग बंद होता, 2024च्या डिसेंबरात पुन्हा उघडलाय.

काराइया पूल लांबूनच दाखवला, पण गोष्ट झकास होती. 1304च्या मे महिन्यात नदीत होड्यांवर नरकाचा देखावा केला होता, आगी, भुतं, किंकाळ्या. तेव्हा पूल लाकडी. बघायला इतकी गर्दी झाली की पूल कोसळला. लोक म्हणू लागले, परलोकाची बातमी आणायला गेलेले खरोखरच तिकडे पोचले.

आता सान्ता त्रिनिता पूल. भांडण इथं झालं.

3 ऑगस्ट 1944च्या रात्री माघार घेताना जर्मन फौजेनं फ्लॉरेन्सचे सगळे पूल उडवले, फक्त पोन्ते वेक्यो ठेवला. ठेवला म्हणजे काय, तर पूल ठेवला आणि दोन्ही टोकांच्या जुन्या गल्ल्या सुरुंगांनी पाडून वाट बुजवली. हिटलरला पूल आवडला होता वगैरे कथा तुम्हाला सगळीकडे ऐकायला मिळतील. सान्ता त्रिनिता मात्र गेला. अम्मानाती या वास्तुकारानं 1567 ते 1569च्या सुमाराला बांधलेला, आणि माझ्या मते पोन्ते वेक्योपेक्षा कितीतरी देखणा पूल. त्याची कमान वर्तुळाची नाही, लंबवर्तुळाचीही धड नाही. साखळी दोन टोकांना धरून सैल सोडली की जसा झोळ पडतो तो उलटा केलेला. दोन बाजूंची वळणं माथ्यावर जिथं मिळतात तिथं किंचित टोक येतं, ते झाकायला संगमरवरी नक्षीची ढाल बसवलीय. बाईंनी ती दाखवली नसती तर मला, पूल बांधून पोट भरलेल्या माणसाला, ती नुसती शोभा वाटली असती.

बाईंनी हातातला एक जुना फोटो दाखवला: नदीत उभे खांबांचे बुंधे आणि त्यावर दोस्त फौजेनं टाकलेला लोखंडी बेली पूल, म्हणजे सुटे भाग जोडून केलेला तात्पुरता पूल. मग सांगितलं, गावानं ठरवलं की पूल होता तसाच, होता तिथंच. नदीतून दगड काढले, कमी पडले ते पूर्वीच्याच खाणीतून आणले, सिमेंटचा सोपा मार्ग नको म्हणून वाद घातले आणि 1958 साली पूल पुन्हा उभा केला. चार कोपऱ्यांवर चार ऋतूंचे पुतळे आहेत, 1608चे. तेही नदीतून निघाले, पण वसंताचं डोकं सापडेना. पेन बनवणाऱ्या पार्कर कंपनीनं त्यासाठी बक्षीस लावलं होतं. शेवटी 1961 साली डोकं आर्नोच्या तळातच मिळालं. आम्ही पुतळ्याखाली उभे होतो. हिनं वर बघितलं आणि म्हणाली, "गळ्यातली चीर दिसतेय बघा, ठुशी घातल्यासारखी."

आणि मेहुणा मागून म्हणाला, "1958. म्हणजे बाबांपेक्षा लहान पूल. ह्याला ऐतिहासिक म्हणून तिकीट लावतात. डुप्लिकेट आहे, दाजी."

तुम्हाला वाटेल एवढ्यावर चिडायचं काय. तर चिडायचं कारण शिरोळ तालुक्यात आहे. माझ्या सासऱ्यांचा वाडा होता, घडीव दगडाचं जोतं, सागवानी खांब, वर मातीच्या भिंती. 2019च्या ऑगस्टात पंचगंगा घरात आली, आठ दिवस राहिली, आणि उतरताना भिंती घेऊन गेली. जोतं आणि खांब जागेवर. मी म्हटलं, दगडांवर नंबर टाकू, खांब उतरवून ठेवू, भिंती विटांच्या घालू, वाडा परत उभा करू. मी स्वतः वहीत नकाशा काढला होता. मेहुणा पंधरा दिवसांची रजा काढून आला आणि जेसीबी लावला. खांब सांगलीच्या व्यापाऱ्याला, दगड भरावाला. त्या जागी स्लॅबचा बंगला आहे, पुढं स्टीलचा कठडा. तेव्हाही हेच म्हणाला होता: "नवीन बांधलं की ते जुनं राहत नाही, दाजी. खोटं होतं."

त्या पुलावर मी त्याला विचारलं, मग हे चारशे वर्षांचे दगड नदीत राहू दिले असते तर खरे राहिले असते का? तो म्हणाला, भावनेचा प्रश्न नाही, व्याख्येचा आहे. मी म्हटलं, व्याख्या गेली खड्ड्यात, अम्मानातीची कमान भार वाहतेय की नाही ते बघ. कानातल्या यंत्रावरून बाई शांतपणे पुढचं सांगत होत्या आणि आमच्या गटातली जपानी जोडपी आमच्याकडे बघत होती. ही मध्ये पडली. कठड्यावर हात ठेवून म्हणाली, "हा दगड काळपट आहे, हा जरा उजळ. कुठला जुना आणि कुठला नवा, दोघांनी मिळून सांगा बघू." दोघांनाही सांगता आलं नाही.

पुढं एका भिंतीवर संगमरवरी पट्टी दिसली, 4 नोव्हेंबर 1966ला पाणी इथवर आलं होतं अशी. माझ्या डोक्याच्या वर हातभर. शिरोळकडच्या माणसाला असली खूण बघून पोटात जे होतं ते मोबाईलवर वाचून होत नाही. मेहुणाही तिथं गप्प उभा राहिला, हे कबूल करतो.

सहलीत नसलेली आणि तुम्ही मराठी माणूस म्हणून बघायलाच हवी अशी एक जागा: शहराच्या पश्चिमेला कास्चिने नावाची लांबलचक बाग आहे, तिच्या पार टोकाला, मुन्योने नदी आर्नोला मिळते तिथं, कोल्हापूरच्या छत्रपती राजाराम महाराजांची छत्री आहे. इंग्लंडहून परतताना 30 नोव्हेंबर 1870 रोजी ते फ्लॉरेन्सला वारले, वय वीस. संगमावर हिंदू पद्धतीनं दहन झालं, युरोपात तेव्हा कुणी असलं काही बघितलेलं नसणार. 1874 साली तिथं छत्री उभी राहिली, आत अर्धपुतळा. छत्रीचा आराखडा मँट साहेबाचा, ज्यानं पुढं आमचा नवा राजवाडा केला. आणि शेजारून मोठा तारांचा पूल जातो, 1978चा, त्याचं नावच पोन्ते आल्लिंदियानो, 'हिंदी माणसाजवळचा पूल'. पुलाच्या खालच्या बाजूनं चालत जायची वाट आहे. मी गाईडबाईंना म्हटलं, तो इंदियानो आमच्या गावचा. त्या म्हणाल्या, गावातले सगळे 'इंदियानो' म्हणतात, पण तो कुठला हे आजवर कुणी सांगितलं नव्हतं. मेहुणा चौदा वर्षं युरोपात आहे. त्यालाही माहीत नव्हतं. मोबाईल होता की खिशात.

आता तुमचा प्रश्न. गाईड घ्या, पण बुक करण्याआधी विचारा की कुठल्या पुलांवर प्रत्यक्ष चालत नेणार. गट लहान बघा. आल्ले ग्रात्सिए नावाचा पूल राहिला तर हळहळू नका. मूळ पूल 1227चा, पण युद्धानंतर तो नव्या पद्धतीनं बांधला, जुन्यासारखा नाही. (मेहुण्याला तोच जास्त 'प्रामाणिक' वाटला, यावरून ओळखा.) वडिलांचे गुडघे दुखत असतील तर अडीच तास जास्तच होतात, फरशी दगडी आणि उंचसखल आहे, बसायला कठड्याशिवाय काही नाही. कास्चिनेसाठी ट्राम आहे, पण ती बागेच्या अलीकडच्या टोकाला सोडते, तिथून छत्री अडीच-तीन किलोमीटर. आम्ही चालत गेलो आणि हिनं परतताना माझ्याशी बोलणं सोडलं. तुम्ही टॅक्सी करा. आणि मी एकच सहल केलीय, एकाच गाईडसोबत, तेव्हा सगळ्याच चांगल्या असतात असं नाही. बाई वाईट भेटल्या असत्या तर कदाचित मीही मेहुण्यासारखं लिहिलं असतं. कदाचित.

वाड्याचा एक दगड वाचलाय, उंबऱ्याचा. बंगल्यामागं नळाखाली आहे, त्यावर धुणं धुतात. मी तो मागितलाय. मेहुणा फोनवर म्हणतो, "न्या की दाजी, कोण नको म्हणतंय." टेम्पोचं भाडं कुणी द्यायचं एवढ्यावर अडलंय.