बुद्ध म्हणजे फक्त मेडिटेशन का?

प्रश्न: नमस्कार, मी नाशिकरोडची. मुलगी अकरावीला आहे, ती म्हणते बुद्धाचं आजच्या जगात उरलंय काय तर मेडिटेशन आणि मोबाईलवरची माइंडफुलनेसची अ‍ॅप, बाकी सगळं इतिहासजमा. मला पटत नाही पण तिला काय सांगू तेही सुचत नाही.

उत्तर: ताई, मेडिटेशनचं ती बरोबर बोलतेय. आपल्या इगतपुरीच्या धम्मगिरीत गोएंका गुरुजींच्या पद्धतीची विपश्यना शिकायला देशोदेशीचे लोक येतात, आणि अमेरिकेत १९७९ ला जॉन कबाट-झिन यांनी पेशंटसाठी ध्यानाचा कोर्स सुरू केला तिथून माइंडफुलनेस पसरलं. पण मला विचाराल तर त्याहून मोठी गोष्ट म्हणजे बुद्धाचा भिक्खूंचा संघ कसा चालायचा ती. ठराव आधी सगळ्यांसमोर मांडायचा, मोठं काम असेल तर तीनदा विचारायचं, कोणी बोललं नाही तर मंजूर, वाद मिटलाच नाही तर शलाका म्हणजे काड्या वाटून मतं घ्यायची आणि किमान किती भिक्खू हजर पाहिजेत तेही ठरलेलं, हे सगळं विनयपिटकात, म्हणजे भिक्खूंच्या नियमांच्या ग्रंथात आहे बरं का. आणि त्यातच उपालीची गोष्ट येते, शाक्य म्हणजे बुद्धाच्याच कुळातल्या राजकुमारांनी स्वतःच सांगितलं की आमच्या या न्हाव्याला आधी दीक्षा द्या म्हणजे आम्हाला त्याच्यापुढे वाकावं लागेल आणि आमचा शाक्यपणाचा गर्व उतरेल. मला तर ही गोष्ट दरवेळी हलवून जाते.

आता हे इतिहासजमा कसं म्हणायचं? ज्या नाशकात २ मार्च १९३० ला काळाराम मंदिरात जायला माणसांना सत्याग्रह करावा लागला, त्याचं नेतृत्व करणाऱ्या बाबासाहेबांनी १९३५ ला येवल्यात धर्मांतराची घोषणा केली, आणि २५ नोव्हेंबर १९४९ ला संविधान सभेत सांगितलं की ठराव, कोरम, मतदान हे भारताला नवीन नाही, बौद्ध संघांना ते माहीत होतं. पुढे १९५६ ला नागपुरात त्यांनी धम्म स्वीकारला तो समतेसाठी, नुसत्या मनःशांतीसाठी नाही.

मुलीला घेऊन एकदा पांडवलेण्यावर जा, दहा नंबरच्या लेण्यात उषवदाताचा, म्हणजे क्षत्रप राजा नहपानाच्या जावयाचा शिलालेख आहे तो दाखवा, संघाला दिलेल्या दानाचा हिशोबही किती उघड असायचा ते तिला कळेल. त्याने गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणीकडे म्हणजे संघटनेकडे २००० कार्षापण (तेव्हाची नाणी) कायमचे ठेवले, महिना शेकडा १ व्याज, मुद्दलाला हात लावायचा नाही. वर्षाला २४० होतात, तेवढ्यात वर्षावासाच्या (पावसाळ्यात एका जागी राहणाऱ्या) २० भिक्खूंना चिवरासाठी म्हणजे वस्त्रासाठी प्रत्येकी १२, हिशोब बरोबर बसतो बघा. शिवाय हे दान निगमसभेत म्हणजे नगराच्या सभेत वाचून दाखवलं आणि फलकावर नोंदवलं असंही तिथेच कोरलंय.